प्रयोगशील लिखाणाचं अनियतकालिक काढायचंय?
पैसे नाहीत म्हणून थांबू नका, १९५०च्या दशकात मुंबईत 'शब्द' हे अनियतकालिक सायक्लोस्टाइल करूनच, म्हणजे मेणकागदावर मजकूर कोरून शाईनं स्वस्तात प्रती काढूनच, निघालं होतं. तुम्ही एफोर कागद मधोमध दुमडा, एका कागदाची चार पानं होतात, म्हणून एकूण पानं चारच्या पटीतच ठेवायची, मधे पिना मारल्या की अंक तयार. मजकूर युनिकोडमध्येच (मोबाइलवर मराठी टाइप होतं त्या पद्धतीत) मागवा, नाहीतर फॉन्ट बदलताना जोडाक्षरं फुटतात. आणि कवितेतल्या तुटक ओळी, मोकळ्या जागा, तिरपी मांडणी हे सगळं लिखाणच आहे हो, जागा वाचवायला ओळी जोडू नका प्लीज, कवीला पानाची पीडीएफ पाठवा, त्याचा होकार आला की मगच छापा. मोठी नावं नाही मिळाली तरी चालेल, दुसरीकडे कुठेच बसत नाही असं लिखाण मागा. अंक दादरच्या पुस्तकांच्या दुकानांत विचारून ठेवा.