आधी छेद घालवा, पण अंशाचा कंस विसरू नका

समीकरणात अपूर्णांक दिसले की आठवीतले बरेच विद्यार्थी लगेच त्यांची बेरीज करू लागतात आणि तिथेच अडकतात. त्याऐवजी आधी छेद घालवावेत, म्हणजे नेहमीचेच साधे समीकरण उरते. रावेर-यावलकडच्या एखाद्या शेताचे उदाहरण घेऊ. निम्म्या शेतात केळी आहे, एक तृतीयांश शेतात कापूस आहे आणि उरलेल्या २ एकरांत दादर (ज्वारी) पेरली आहे. एकूण शेत क्ष एकर मानले, तर समीकरण असे होते:

क्ष/२ + क्ष/३ + २ = क्ष

छेद २ आणि ३, त्यांचा लसावि (लघुत्तम साधारण विभाज्य) ६. दोन्ही बाजूंना ६ ने गुणताना एकही पद वगळू नये. ज्याला छेदच नाही त्याला कशाला गुणायचे, असे वाटून मुले ते २ तसेच ठेवतात. पण दोन्ही बाजू समान राहायच्या असतील, तर २ चे १२ आणि क्ष चे ६क्ष झालेच पाहिजेत.

३क्ष + २क्ष + १२ = ६क्ष

३क्ष आणि २क्ष ही सजातीय (एकाच चलाची) पदे असल्याने त्यांच्या सहगुणकांची, म्हणजे क्ष आधीच्या अंकांची, बेरीज करून ५क्ष लिहावे. १२ मध्ये चल नाही, म्हणून ते या बेरजेत मिसळत नाही. १७क्ष लिहिणे म्हणजे केळी आणि कापूस एकाच काट्यावर घालून एकच भाव लावणे होय. आता दोन्ही बाजूंमधून ५क्ष वजा केले की क्ष = १२ मिळते. म्हणजे ६ एकर केळी, ४ एकर कापूस आणि २ एकर दादर.

(चाळीसगावजवळच्या पाटण येथे गणिती भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याचा शिलालेख आहे. भास्कराचार्य अज्ञात राशीला ‘यावत्तावत्’ म्हणत व थोडक्यात ‘या’ लिहीत. क्ष च्या जागी ‘या’ लिहिले, तरी शेत १२ एकरांचेच राहते.)

खरी कसोटी लागते ती अंशात दोन पदे आणि अपूर्णांकाच्या आधी वजाचे चिन्ह असेल तेव्हा:

(क्ष + ३)/४ − (क्ष − २)/६ = ३

अपूर्णांकाची आडवी रेघ कंसाचेही काम करते, म्हणून रेघ पुसताना कंस लिहायलाच हवा. लसावि १२ ने गुणल्यावर

३(क्ष + ३) − २(क्ष − २) = ३६

असे लिहावे आणि त्यानंतरच कंस सोडवावेत. −२ ने −२ ला गुणल्यावर +४ येतात:

३क्ष + ९ − २क्ष + ४ = ३६

सजातीय पदे एकत्र केल्यावर क्ष + १३ = ३६, म्हणून क्ष = २३. ताळा पाहू: २६/४ म्हणजे साडेसहा, २१/६ म्हणजे साडेतीन, आणि त्यांची वजाबाकी ३.

कंस न लिहिणाऱ्याच्या वहीत मात्र +४ ऐवजी −४ येतात आणि उत्तर ३१ निघते. गंमत अशी की, ३क्ष + ९ − २क्ष − ४ = ३६ या चुकलेल्या ओळीत ३१ घालून पाहिले, तर दोन्ही बाजू बरोबर जुळतात. म्हणून ताळा नेहमी प्रश्नातल्या मूळ समीकरणातच करावा; तिथे साडेआठमधून ४ पूर्णांक ५/६ वजा केल्यावर ३ नव्हे, तर ३ पूर्णांक २/३ उरतात.