स्टीअरिंगखालचं कव्हर घरी काढताय? या चुका टाळा

प्लास्टिकचे दोन आवाज ओळखता आले पाहिजेत. क्लिप सुटते तेव्हा ‘टप्’ असा बोदा आवाज येतो आणि तुटते तेव्हा ‘टक्’ असा कोरडा. हा फरक मला एका रविवारी सोसायटीच्या पार्किंगमध्ये कळला, आणि कळला तेव्हा कव्हराचा एक कान माझ्या हातात आला होता.

कारण अगदी साधं होतं. वळण घेऊन झाल्यावर इंडिकेटर आपोआप परत येत नव्हता. म्हटलं, स्टीअरिंग कॉलमचं, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या दांड्याचं, कव्हर उघडून आत काय झालंय ते तरी बघू. तीन स्क्रू काढले, कव्हर ओढलं, निघेना. आणखी ओढलं आणि टक्. पुढे एका मेकॅनिकला हेच काम करताना पाहिलं. त्याने ओढलंच नाही. दोन बोटांनी कव्हर थोडं हलवलं, कुठे अडतंय ते चाचपलं आणि म्हणाला, “साहेब, अजून एक राहिलाय.” खरंच एक स्क्रू राहिला होता, स्टीअरिंगच्या चाकामागे लपलेला.

पुढे सांगतोय त्या बहुतेक चुकांचं मूळ हेच आहे. कव्हर निघत नसेल तर ते चिवट नसतं, त्याला अजून कशाने तरी धरलेलं असतं. हातात पाना घेण्याआधी ते काय आहे ते शोधायचं.

बॅटरीची तार न काढता सुरुवात करणं

ही एकच चूक अशी आहे जी कव्हरावर नाही, तुमच्यावर बेतू शकते. भारतात 1 जुलै 2019 पासून प्रत्येक नव्या कारला चालकाच्या बाजूची एअरबॅग सक्तीची आहे, आणि त्याआधीच्याही पुष्कळ गाड्यांत ती असते. चाकाच्या मधल्या भागावर ‘एअरबॅग’ किंवा ‘एसआरएस’ अशी इंग्रजी अक्षरं असतील तर तुमच्या तोंडासमोर एक छोटा स्फोटक घटक बसवलेला आहे, हे लक्षात ठेवून काम करा.

किल्ली बंद करून बॅटरीच्या ऋण टोकाची तार काढायची. त्यासाठी बहुतेक गाड्यांना दहाचा पाना लागतो. तार बाजूला वळवून तिला कापड गुंडाळायचं, म्हणजे ती परत टोकाला टेकणार नाही. त्यानंतर थांबायचं. अपघातात बॅटरी तुटली तरी एअरबॅग उघडावी म्हणून तिच्या कंट्रोल युनिटमध्ये थोडी वीज साठवलेली असते, आणि ती उतरायला वेळ लागतो. बऱ्याच कंपन्यांच्या पुस्तिकेत किमान 90 सेकंद थांबायला सांगितलेलं असतं, काहींत त्याहून जास्त. मी दहा मिनिटं थांबतो, चहा होतो तेवढ्यात.

खालचं कव्हर निघालं की बहुतेक गाड्यांत पिवळ्या रंगाचे कपलर, म्हणजे वायर जोडणारे प्लास्टिकचे जोड, दिसतात. पिवळा म्हणजे एअरबॅगचं वायरिंग. त्याला हात लावायचा नाही. ‘करंट येतोय का’ म्हणून टेस्टर किंवा मल्टिमीटर तर मुळीच लावायचा नाही, कारण मीटरमधून जाणारा थोडासा प्रवाहही धोक्याचा ठरू शकतो. फॉर्च्युनर, इनोव्हा क्रिस्टा अशा काही गाड्यांत चालकाच्या गुडघ्यांसाठी वेगळी एअरबॅग असते, तीही स्टीअरिंगच्या खालच्याच पॅनेलमागे. तशी गाडी असेल तर तो पॅनेल वर्कशॉपलाच काढू द्या.

आणि चाक काढायचं नाही. हात शिवशिवतात, तरी नाही. चाकाच्या मागे पट्टीसारखी गुंडाळलेली एक केबल असते. तिला क्लॉक स्प्रिंग किंवा स्पायरल केबल म्हणतात. चाक कितीही फिरलं तरी हॉर्न आणि एअरबॅगचं वायरिंग तिच्यामुळेच जोडलेलं राहतं. चाक काढल्यावर ती मध्यभागापासून सरकली आणि तशीच बसवली, तर पूर्ण वळण घेताना ताणून तुटते. कव्हर काढायला सहसा चाक काढावं लागत नाही.

लपलेले स्क्रू न शोधणं

कव्हर सहसा दोन भागांचं असतं. वरचं झाकण आणि खालची परडी एकमेकांत अडकलेली असतात. खालून पाहिलं की एक-दोन स्क्रू लगेच दिसतात, आणि इथेच आपण फसतो. अनेक गाड्यांत आणखी दोन स्क्रू चाकाकडे तोंड करून, चाकाच्या मधल्या भागाआड बसवलेले असतात. चाक सरळ असताना ते दिसतच नाहीत. चाक पाव वळण डावीकडे फिरवलं की एक दिसतो, उजवीकडे फिरवलं की दुसरा.

त्यासाठी चाक फिरायला हवं, म्हणजे स्टीअरिंग लॉक सुटलेलं हवं. किल्लीच्या गाडीत हे लॉक यांत्रिक असतं. बॅटरी काढलेली असली तरी किल्ली एक खाच पुढे नेली की ते सुटतं. मात्र चाक वळलेलं असताना किल्ली बाहेर काढली तर ते तिथेच अडकतं. बटणाने सुरू होणाऱ्या काही गाड्यांत लॉक विजेवर चालतं, आणि तिथे बॅटरी काढल्यावर चाक हलतच नाही. असं लॉक आहे का, हे बॅटरीला हात लावण्याआधीच बघून ठेवा. असेल तर तो नाद घरी करू नका.

बंद गाडीत स्टीअरिंग जड लागतं, ते बिघडलंय असं समजू नका. पॉवर स्टीअरिंगला त्या वेळी वीज किंवा इंजिनचा जोर मिळत नसतो. गाडी लावतानाच पुढची चाकं सरळ ठेवली तर दोन्हीकडे सारखं फिरवता येतं. टिल्टची, म्हणजे स्टीअरिंग वर-खाली करायची, दांडी असेल तर कॉलम पूर्ण खाली घ्या. वरचं कव्हर आणि डॅशबोर्डवरचा मीटर यांच्यात दोन बोटं जातील एवढी जागा मिळते. ती नसेल तर वरचं कव्हर उचलताना मीटरच्या काचेवर ओरखडा ठरलेला.

चुकीचा स्क्रू ड्रायव्हर, चुकीच्या जागी

जपानी आणि कोरियन घराण्यातल्या गाड्यांना सहसा फुलीचा, दोन नंबरचा स्क्रू ड्रायव्हर बसतो. फोक्सवॅगन, स्कोडा यांच्यात सहा पाकळ्यांचे टॉर्क्स स्क्रू भेटतात. घरातला शिलाई मशीनचा बारीक फुलीचा ड्रायव्हर लावलात तर स्क्रूचं डोकं गोल होणारच, आणि ते खोल भोकात बसलेलं असल्यामुळे पक्कडीनेही धरता येत नाही. ड्रायव्हर लांब दांडीचा आणि चुंबक असलेला घ्या. इथे पडलेला स्क्रू डॅशबोर्डच्या आत जातो आणि प्रत्येक गतिरोधकावर खुळखुळून आठवण करून देतो.

दोन भाग वेगळे करायला लोखंडी चपटा ड्रायव्हर वापरू नका. जोडावर पांढरे दात उमटतात आणि ते काही केल्या जात नाहीत. प्लास्टिकची ट्रिम काढायची पट्टी ऑनलाइन मिळते, पुण्यात नाना पेठेतल्या स्पेअर पार्टच्या दुकानांतही मिळेल. तीही नसेल तर मुदत संपलेलं एटीएम कार्ड चालतं. जोडाच्या एका टोकाला ते सरकवून हलकं पिळायचं. एक क्लिप ‘टप्’ म्हणाली की पुढच्या क्लिपकडे जायचं. सगळ्या एकदम उचकटायला गेलं की शेवटची तुटते.

हवेचाही संबंध आहे. डिसेंबरच्या पहाटे नाशिककडे प्लास्टिक कडक झालेलं असतं, थोडं ऊन चढू द्या किंवा केस वाळवायच्या यंत्राने जोड कोमट करून घ्या. उलट विदर्भात वर्षानुवर्षं उघड्यावर, उन्हात तापलेल्या गाडीचं प्लास्टिक कोरडं आणि ठिसूळ झालेलं असतं. तिथे गरम करूनही फार फरक पडत नाही, फक्त हात हलका ठेवायचा.

किल्लीभोवतीची कडी ओढणं

किल्लीच्या भोकाभोवती एक काळी प्लास्टिकची कडी दिसते. काही गाड्यांत ती नुसती शोभेची असते. पण इमोबिलायझर, म्हणजे ओळखीच्या किल्लीशिवाय गाडी सुरू न होऊ देणारी यंत्रणा, असलेल्या गाडीत किल्लीतली चिप वाचणारी अँटेना त्याच कडीत गुंडाळलेली असते. तिची तार केसासारखी बारीक असते. कडी कव्हरला चिकटून आली आणि तुम्ही कव्हर झटक्यात खेचलंत, तर तार तुटते. मग सगळं परत बसवल्यावर स्टार्टर फिरतो, गाडी धरत नाही किंवा लगेच बंद पडते, आणि मीटरवर किल्लीचं चिन्ह लुकलुकत राहतं.

तसं झालं तर पहिल्यांदा त्या कडीचा छोटा कपलर नीट बसलाय का ते बघा. बरेचदा तोच सैल राहिलेला असतो. दुसरी किल्ली बनवून घ्यायला धावू नका.

कपलरबद्दलही एक सांगतो. प्रत्येक कपलरला दाबायचं एक जिभेसारखं लॉक असतं. ते दाबलेलं ठेवून कपलरचं अंग धरून ओढायचं, वायर धरून नाही. लॉक सापडत नसेल तर मोबाइलच्या टॉर्चने खालून बघा, आपल्याला दिसत नसलेल्या बाजूलाच ते असतं.

आत जे दिसेल त्यावर स्प्रे मारणं

कव्हर उघडलं की दोन्ही दांड्यांचे स्विच समोर येतात. मारुती, ह्युंदाईत इंडिकेटर उजव्या दांडीवर आणि वायपर डावीकडे; युरोपीय गाड्यांत उलट. धूळ दिसली म्हणून आपण हाती लागेल तो गंजरोधक स्प्रे मारतो. त्याने दोन दिवस बरं वाटतं, मग त्याच तेलकट थरावर आणखी धूळ बसते. विजेच्या संपर्कांसाठी वेगळा कॉन्टॅक्ट क्लीनर मिळतो, तोच वापरा आणि पूर्ण वाळू द्या. थिनर, पेट्रोल यांची चिंधी तर कव्हराजवळही आणू नका, प्लास्टिक मऊ पडतं किंवा त्याला बारीक तडे जातात.

माझ्या इंडिकेटरचं म्हणाल, तर परत ढकलणारी आतली प्लास्टिकची जीभ झिजून गेली होती. अनेक गाड्यांत दांडीचा स्विच दोन स्क्रू किंवा एक लॉक सोडवून बाजूने बाहेर सरकतो, तसा असेल तर तो घरी बदलता येतो. काही गाड्यांत चाक आणि क्लॉक स्प्रिंग काढल्याशिवाय तो निघत नाही. माझी गाडी या दुसऱ्या गटातली निघाली. कव्हर परत लावलं आणि वर्कशॉपची वेळ घेतली. एवढं करून हात हलवत परत आलो, याची घरात अजून आठवण काढली जाते.

तुटलेला कान फेव्हिक्विकने चिकटवणं

चिकटवण्याआधी कव्हराच्या आतल्या बाजूला बघा. दोन बाणांच्या मध्ये प्लास्टिकचं नाव इंग्रजीत कोरलेलं असतं. एबीएस असेल तर फेव्हिक्विक किंवा इपॉक्सी बऱ्यापैकी धरतं. पीपी, म्हणजे पॉलिप्रॉपिलीन असेल तर साधं कुठलंच चिकटद्रव्य त्यावर टिकत नाही, आठवड्याभरात कान परत हातात येतो. अशा वेळी खालचं कव्हर तेवढं वेगळं विकत घ्या. चिकटवलंच तर सुकेपर्यंत कव्हर गाडीत लावू नका. ओघळलेला एक थेंब स्विचमध्ये गेला तर दांडी कायमची जागेवर बसते.

घाईघाईत परत बसवणं

काढताना मी प्रत्येक टप्प्यावर फोटो काढतो आणि स्क्रू अंड्यांच्या रिकाम्या ट्रेमध्ये, निघाले त्या क्रमाने ठेवतो. याला कारण आहे. लोखंडी पट्टीत जाणाऱ्या स्क्रूचे आटे बारीक असतात, प्लास्टिकमध्ये जाणाऱ्याचे भरड आणि टोक अणकुचीदार. अदलाबदल झाली की प्लास्टिकमधले आटे जातात, किंवा लांब स्क्रू आतल्या वायरच्या जुडग्यात घुसतो. स्क्रू परत लावताना आधी उलटा फिरवायचा. जुन्या आट्यात पडल्याचा बारीकसा ‘टिक’ जाणवला की मग सुलटा पिळायचा. हाताला अडलं की थांबायचं.

दोन्ही भाग दाबण्याआधी वायर कुठे जोडात चिमटत नाही ना, ते कडेने बोट फिरवून बघा. मीटर आणि कॉलममधली फट झाकणारं रबराचं किंवा कापडाचं आवरण बऱ्याच गाड्यांत वरच्या कव्हराला अडकवलेलं असतं, तेही जागेवर घ्या.

बॅटरी जोडल्यावर गाडी लगेच रस्त्यावर काढू नका. कॉलम वर-खाली करा, चाक दोन्ही टोकांपर्यंत फिरवा. कर्रकर्र आवाज आला तर कव्हर चाकाला घासतंय. इंडिकेटर, वायपर, डिपर, हॉर्न सगळं तपासा. किल्ली फिरवल्यावर एअरबॅगचा दिवा लागून काही सेकंदांत विझायला हवा. विझला नाही, किंवा लागलाच नाही, तर एअरबॅगवर विसंबता येणार नाही. इंजिनचे दोष वाचणारं स्वस्तातलं ब्लूटूथ यंत्र सहसा एअरबॅगच्या बिघाडाचा कोड वाचत नाही आणि पुसतही नाही, त्यासाठी वर्कशॉपचं स्कॅनर लागतं. घड्याळ शून्यावर गेलेलं असणं आणि काच एका झटक्यात वर नेणारं बटण रुसलेलं असणं मात्र नेहमीचंच. काच पूर्ण वर नेऊन बटण काही सेकंद धरून ठेवलं की बऱ्याच गाड्यांत ते परत शिकतं.

आणि एवढं सगळं झाल्यावर अंड्याच्या ट्रेमध्ये एक स्क्रू उरलेला दिसला, तर तो डॅशबोर्डच्या कप्प्यात टाकू नका. फोटो उघडा, चाक पाव वळण फिरवा आणि त्या लपलेल्या भोकात बघा. बहुधा तिथलाच असतो.