कोलंबसमध्ये नवीन आलात? मग हे नंबर एक, नंबर सहाचं प्रकरण आधी समजून घ्या

ऑगस्टमध्ये आपली नवीन पोरं कोलंबसला येऊन पोचली की प्रश्न ठरलेले असतात, एसएसएन (सोशल सिक्युरिटी नंबर) कधी येईल, अपार्टमेंटमधल्या शेगडीवर कुकर नीट चालतो का, इंडियन स्टोअरला बस जाते का. त्याची उत्तरं द्यायला ग्रुपवर भरपूर मंडळी आहेत. मी लिहितेय ते दुसऱ्याच गोष्टीबद्दल, जी कोणी सांगत नाही आणि जी कळली नाही तर सप्टेंबर ते डिसेंबर तुम्ही लॅबमध्ये, ऑफिसात, केस कापायला गेलात तर तिथेही नुसते गप्प बसून राहाल. कॉलेज फुटबॉलचं, म्हणजे युनिव्हर्सिट्यांच्या अमेरिकन फुटबॉल टीम्सचं रँकिंग.

सोमवारी सकाळी लोक भेटले की गेम कसा झाला हे दोन मिनिटं बोलतात आणि मग पुढची वीस मिनिटं "आपण तीनवरच का राहिलो" ह्यावर. इथे "आपण" म्हणजे ओहायो स्टेट युनिव्हर्सिटीची टीम, मीही पुढे तसंच म्हणणार आहे. गेम कळायला वेळ लागतो, तो हळूहळू कळेल, डाउन काय, फील्ड गोल काय ते टीव्हीसमोर बसून आपोआप होतं. पण रँकिंग आधी समजलं तर पहिल्याच आठवड्यात तुम्हाला बोलण्यात भाग घेता येतो, म्हणून मी नेहमी पोरांना हे आधी सांगते.

पहिली गोष्ट, हे पॉइंट्स टेबल नाहीये. आयपीएलमध्ये दहा टीम्स, चौदा मॅच, जिंकलं की दोन पॉइंट, पॉइंट सारखे झाले तर नेट रनरेट, विषय संपला, तिथे कोणाला मत विचारत नाहीत. इथे सगळ्यात वरच्या डिव्हिजनमध्ये १३० पेक्षा जास्त टीम्स आहेत आणि प्रत्येकाला सीझनमध्ये गेम मिळतात फक्त १२. आपली कॉन्फरन्स, म्हणजे आपसात खेळणाऱ्या युनिव्हर्सिट्यांचा गट, बिग टेन, नावात टेन असलं तरी आता त्यात १८ युनिव्हर्सिट्या आहेत, म्हणजे आपल्याच कॉन्फरन्समधल्या सगळ्यांशीसुद्धा गेम होत नाही, तर मग दक्षिणेतल्या अलाबामा किंवा जॉर्जियाशी कुठून होणार. दोन टीम्स समोरासमोर येतच नाहीत आणि तरी कोण भारी हे दर आठवड्याला ठरवायचंय. ते कसं ठरणार? माणसांना विचारून. रँक म्हणजे जाणकार माणसांच्या मतांची बेरीज आहे, आणि मत म्हटलं की वाद आला, आणि हा वाद घालण्यातच ह्या गावाचा अर्धा आनंद आहे.

ही बेरीज कशी होते ते एकदा नीट बघा. सगळ्यात जुना आणि मानाचा म्हणजे एपीचा पोल, असोसिएटेड प्रेस ही बातम्यांची संस्था १९३६ पासून तो चालवतेय. देशभरातले साठेक स्पोर्ट्स रिपोर्टर आणि ब्रॉडकास्टर, प्रत्येकजण आपल्या मते पहिल्या २५ टीम्सची यादी देतो. त्याच्या यादीत पहिली असेल तिला २५ पॉइंट, दुसरीला २४, असं करत पंचविसाव्या टीमला १. सगळ्या याद्यांची बेरीज केली की झाली रँकिंग. समजा ६० जण मत देतायत आणि सगळ्यांनी तुम्हाला पहिलं ठेवलं तर १५०० पॉइंट, त्याच्यावर जाताच येत नाही. टीमच्या नावापुढे कंसात आकडा दिसतो तो किती जणांनी पहिला नंबर दिला त्याचा. खाली बारीक अक्षरात आणखी काही टीम्स असतात, ज्यांना थोडी मतं पडली पण २५ मध्ये बसल्या नाहीत, ती ओळ वाचायची सवय लावा, पुढच्या आठवड्यात वर येणारी टीम बरेचदा तिथेच असते.

आता ह्यात गंमत काय होते बघा. समजा एका टीमला अर्ध्या लोकांनी तिसरं ठेवलं आणि अर्ध्यांनी नववं. तिसऱ्याचे २३, नवव्याचे १७, सरासरी २०, म्हणजे सहाव्या नंबराइतके पॉइंट. ती टीम सहावी आहे असं एकाचंही मत नाही, तरी पेपरात ती सहाव्या नंबरच्या आसपास छापून येणार. त्यामुळे नुसता नंबर बघू नका, वरच्या आणि खालच्या टीमशी पॉइंटचं अंतर किती आहे ते बघा. तीन आणि चारमध्ये पाच पॉइंटचा फरक असेल तर दोन-तीन लोकांचं मत फिरलं तरी उलटापालट होते, दोनशेचा असेल तर तिथे खरंच एकमत आहे. एपीचे व्होटर्स कोणाला कुठे ठेवतात ते सगळ्यांना बघता येतं, आणि इथले लोक बघतातच, कुठल्या रिपोर्टरने आपल्याला सातवं ठेवलं हे माझ्या ऑफिसात नावानिशी माहीत असतं.

दुसरा पोल कोचेसचा, १९५० पासूनचा, त्यात कोच मत देतात. त्याच्याबद्दल फार बोलत नाही कारण शनिवारी कोच स्वतःच्या गेममध्ये बुडालेला असतो, बाकीच्यांचे गेम तो बघणार कधी, आणि आठवड्याच्या आठवड्याला कोणी काय मत दिलं ते बाहेर येत नाही, फक्त डिसेंबरमधलं शेवटचं जाहीर करतात. माझ्या मते पत्रकारांचा पोल जास्त वजनाचा.

आता सगळ्यात महत्त्वाचं, ऑगस्टची यादी. एकही गेम झालेला नसताना पोल येतो, मागच्या वर्षीचा निकाल, कोण खेळाडू परत आले, कोचचं नाव, एवढ्यावर. २०२५ चीच यादी घ्या, पहिलं टेक्सस, दुसरं पेन स्टेट, तिसरे आपण, आणि इंडियाना विसावं. टेक्सस पहिल्याच शनिवारी, ३० ऑगस्टला, इथे आपल्या स्टेडियममध्ये १४-७ हरलं आणि आपण एकवर गेलो. पेन स्टेटने ऑक्टोबरमध्ये कोचलाच काढून टाकलं. आणि विसाव्या नंबरचं इंडियाना, कॉन्फरन्सची फायनल आणि प्लेऑफ (सीझननंतरची बाद फेरी) धरून, १६ पैकी १६ जिंकून चॅम्पियन झालं, वाटेत इंडियानापोलिसला बिग टेनच्या फायनलमध्ये आपल्याला १३-१० हरवून. त्यामुळे ऑगस्टमध्ये कोणी छाती फुगवून नंबर सांगितला तर ऐकून घ्या, पण मनावर घेऊ नका.

पण ती यादी बिनकामाची आहे असंही समजू नका, हे नवीन लोकांना पटकन कळत नाही. व्होटर माणूसच आहे, शनिवारी रात्री उशिरापर्यंत गेम बघून रविवारी सकाळी तो यादी करायला बसतो तेव्हा समोर मागच्या आठवड्याची यादी असते, हरले त्यांना खाली सरकवतो, बाकीचे आपोआप वर. म्हणजे जो वरून सुरू झाला तो जिंकत राहिला तर त्याला कोणी हलवत नाही, आणि खालून आलेल्याला वरचे हरायची वाट बघावी लागते. २००४ चं उदाहरण इथे कोणीही सांगेल. यूएससी (सदर्न कॅलिफोर्निया) एकवर आणि ओक्लाहोमा दोनवर सुरू झाले, दोघं हरले नाहीत. ऑबर्न सतरावरून सुरू झालं, तेही एकही गेम हरलं नाही, तरी फायनल फक्त दोघांत असायची आणि ऑबर्न बाहेर. बोल गेम (सीझननंतरचा खास सामना) जिंकून १३ पैकी १३, आणि हातात राष्ट्रीय विजेतेपद नाही. फायनलमध्ये यूएससीने ओक्लाहोमाला ५५-१९ असं धुतलं तेव्हा ऑबर्नवाल्यांना काय वाटलं असेल विचार करा. हा मला आजही सरळ सरळ अन्याय वाटतो.

मग कधी हरलात ह्यालाही किंमत आहे. लवकर हरणं परवडतं. २०१४ ला आपण सप्टेंबरमध्येच घरच्या मैदानावर व्हर्जिनिया टेककडून ३५-२१ हरलो, आठवरून थेट बावीसवर, गावात सुतक. पण पुढे अख्खा सीझन हातात होता, एकेक करत वर चढलो, आणि बिग टेनच्या फायनलला तिसऱ्या फळीचा क्वार्टरबॅक (चेंडू फेकून टीमचा खेळ चालवणारा) खेळवून विस्कॉन्सिनला ५९-० हरवलं. दुसरीकडे त्याच दिवशी तीनवर असलेल्या टीसीयूने (टेक्सस ख्रिश्चन युनिव्हर्सिटी) आयोवा स्टेटला ५५-३ हरवलं, आणि दुसऱ्या दिवशी टीसीयू तीनवरून सहावर आणि आपण पाचवरून चारवर. बावन्न पॉइंटनी जिंकून तीन नंबर खाली! टेक्ससमध्ये अजून ती जखम भरलेली नाही, तिकडच्या मित्राशी बोलताना सांभाळून. आपण त्या चारवरून जाऊन अलाबामा आणि ओरेगनला हरवून चॅम्पियन झालो.

हे खाली-वर केलं कोणी, तर कमिटीने. इथे नवीन माणसाचा हमखास गोंधळ होतो म्हणून सावकाश वाचा. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये टीव्हीवर टीमच्या नावाशेजारी जो नंबर दिसतो तो एपीचा, दर रविवारी दुपारी दोनला येतो. नोव्हेंबर उजाडला की मंगळवारी संध्याकाळी प्लेऑफ कमिटीची वेगळी यादी यायला लागते आणि टीव्हीवरचा नंबर बदलतो, मग लोक विचारतात की काल आपण दोनवर होतो आज चारवर कसे, गेम तर झालाच नाही. यादी बदलली, एवढंच. ही कमिटी २०१४ च्या सीझनपासून आहे, साधारण १३ जण, काही युनिव्हर्सिट्यांचे अ‍ॅथलेटिक डायरेक्टर (खेळ विभागाचे प्रमुख), काही जुने कोच, टेक्ससमधल्या ग्रेपवाइन गावी हॉटेलात बसून ठरवतात, आणि ज्याचा ज्या युनिव्हर्सिटीशी संबंध आहे तिचा विषय आला की त्याला खोलीबाहेर जावं लागतं. प्लेऑफमध्ये कोण जाणार हे फक्त ह्यांच्याच यादीवर. एपीचा नंबर मानाचा, कमिटीचा नंबर कामाचा.

कमिटी पत्रकारांसारखी एकदाच पंचवीस नावांची बेरीज करत नाही, छोटे गट करून पुन्हा पुन्हा मतदान करते, आणि कोणाला हरवलं, समोरासमोर कोण जिंकलं, वेळापत्रक किती कठीण होतं हे समोर ठेवते. तरी वाद व्हायचा तो होतोच. २०२३ ला फ्लोरिडा स्टेट १३ पैकी १३ जिंकलं, पण त्यांचा क्वार्टरबॅक पाय मोडून बसला होता, तर कमिटीने त्यांना पाचवं ठेवलं आणि तेव्हा प्लेऑफमध्ये जागा चारच होत्या. २०२५ ला कित्येक आठवडे नोटर डेम मायामीच्या वर होतं, शेवटच्या रविवारी दोघांपैकी कोणीही खेळलेलं नसताना मायामी दहावं आणि नोटर डेम अकरावं झालं, कारण ऑगस्टमध्ये मायामीने त्यांना हरवलं होतं. नोटर डेम बाहेर. मायामी आत येऊन काय करणार असं म्हणणाऱ्यांना उत्तर आपल्यालाच मिळालं, दोन नंबरवर असलेल्या आपल्याला त्यांनी प्लेऑफच्या कॉटन बोल नावाच्या सामन्यात २४-१४ हरवलं.

२०२४ पासून प्लेऑफला १२ टीम्स, त्यामुळे आता एक हार म्हणजे सगळं संपलं असं राहिलं नाही. त्या वर्षी नोव्हेंबरच्या शेवटी मिशिगनने आपल्याला इथे येऊन १३-१० हरवलं, गावात कोणी कोणाशी बोलत नव्हतं. कमिटीच्या यादीत सहावे, पण तेव्हाच्या नियमाने पहिल्या चार जागा कॉन्फरन्स चॅम्पियन्सना राखीव, त्यामुळे नवव्या नंबरचं बॉइझी स्टेट आणि बाराव्या नंबरचं अ‍ॅरिझोना स्टेट आपल्या वर बसले आणि आपण आठवे. पण आठव्याचा एक फायदा, पहिल्या फेरीचा गेम घरी. २१ डिसेंबरची रात्र, पारा शून्याखाली, स्टेडियममध्ये टेनेसीवाले केशरी कपड्यात एवढ्या संख्येने आलेले की आमच्या लोकांच्या पोटात गोळा आला, आणि आपण ४२-१७ जिंकलो. तिथून थेट चॅम्पियन. चौघं राखीव जागावाले सगळेच्या सगळे पहिल्याच गेममध्ये हरले, तो नियम पुढच्याच वर्षी काढून टाकला, आता यादीतल्या नंबराप्रमाणेच जागा मिळते. पाच चॅम्पियन्सना प्रवेश मात्र अजून नक्की असतो, म्हणून कधी यादीत अकरावा घरी बसतो आणि त्याच्या बराच खालचा खेळतो, ह्याला चूक समजू नका.

ह्या सगळ्याचा तुमच्या रोजच्या जगण्याशी संबंध आहे बरं का. दोन रँकवाल्या टीम्सचा गेम असला की टीव्हीवाले वेळ ठरवतात, ती कधीकधी बारा दिवस आधी तर कधी सहाच दिवस आधी कळते. दुपारी बाराचा गेम असेल तर सकाळी सातपासून लेन अ‍ॅव्हेन्यूवर गर्दी, रात्रीचा असेल तर घरी परतायला मध्यरात्र. स्टेडियममध्ये लाखभर माणसं येतात. म्हणून गणपतीचा कार्यक्रम, पोराचं बारसं, आईबाबांना एअरपोर्टवरून आणणं, काहीही शनिवारी ठरवायच्या आधी घरचे गेम कधी आहेत ते बघा. हॉटेलचे दर तर मोठ्या गेमला विचारूच नका. कॅम्पसवर गाडी लावत असाल तर गेमच्या आदल्या दिवशी युनिव्हर्सिटीचे पार्किंगचे ईमेल वाचाच, काही लॉट रिकामे करावे लागतात.

आणि मिशिगनचा आठवडा. नोव्हेंबरच्या शेवटी कॅम्पसवरच्या पाट्यांवर प्रत्येक एम अक्षरावर लाल टेपची फुली दिसेल, घाबरू नका, ती परंपरा आहे, बरेच लोक तर मिशिगनचं नावही घेत नाहीत, वरच्या राज्यातली ती टीम म्हणतात. त्या आठवड्यात रँकिंगबद्दल कोणी ऐकून घेत नाही. सलग चार वर्षं त्यांच्याकडून हरल्यावर २०२५ ला आपण त्यांच्या गावी, अ‍ॅन आर्बरला, जाऊन २७-९ जिंकलो तेव्हा आपण एकवर होतो, पण गावात आनंद झाला तो नंबराचा नव्हता.

तर सुरुवातीला एवढं करा. रविवारी दुपारी यादी आली की ती वाचा, आपल्या वर कोण आहे आणि त्यांनी आतापर्यंत कोणाला हरवलंय ते बघा, आणि सोमवारी शेजारच्या डेस्कवरच्या माणसाला फक्त विचारा, "ह्यांनी रँकवाली एकतरी टीम हरवली आहे का?" तो खुर्ची वळवून तुमच्याकडे बसेल. काही अडलं तर ग्रुपवर मला विचारा, सगळी पोरं काकूच म्हणतात, नोव्हेंबरमध्ये मंगळवारी संध्याकाळी यादी बघायला आमच्याकडे आलात तर पोहे मिळतील.