आडनाव ‘अंधार’: एका डच वकील-मंत्र्याचा माग कसा काढावा

डच कायद्याची कागदपत्रं भाषांतरित करणं हा माझा पोटापाण्याचा धंदा. एका कामात १९५०च्या दशकातल्या एका डच न्यायमंत्र्यावर दीड पानाची टीप जोडायची होती. वाटलं, दोन संध्याकाळींचं काम. चार महिने गेले. तुमचे तेवढे जाऊ नयेत म्हणून हे लिहितेय. उदाहरणाला तोच माणूस घेते: लेन्डर्ट डोन्कर, रॉटरडॅमचे वकील, मजूर पक्षाचे पुढारी, आणि २ सप्टेंबर १९५२ पासून ४ फेब्रुवारी १९५६ला मृत्यू येईपर्यंत नेदरलँड्सचे न्यायमंत्री.

पहिली ठेच नावाशीच लागते. डच कागदांत नावाआधी ‘एम’ आणि ‘आर’ ही दोन अक्षरं छोट्या लिपीत दिसली की आपला हात आपोआप ‘श्री.’ लिहितो. मी पहिल्या मसुद्यात सतरा ठिकाणी लिहिलं होतं. ते ‘मिस्टर’ नव्हे, ‘मेस्टर’. म्हणजे कायद्याची पदवी घेतलेला. तपासणाऱ्या डच वकिलाने सतराही ठिकाणी लाल रेघ मारून परत पाठवलं, वर एक शब्द नाही. आणि ही पदवी म्हणजे वकिली केल्याचा पुरावाही नव्हे. त्या काळात कायदा शिकून बँकेत, कारखान्यात, वर्तमानपत्रात गेलेले ढिगाने सापडतात. प्रत्यक्ष वकिली केलेला माणूस हवा असेल तर ‘आडव्होकाट’ हा शब्द शोधायचा.

पण शोधायचा कुठे? जुनी डच वर्तमानपत्रं ‘डेल्फर’वर फुकट वाचता येतात, हेगमधलं राष्ट्रीय ग्रंथालय ते चालवतं. मी तिथे उत्साहाने ‘डोन्कर’ आणि ‘आडव्होकाट’ हे दोन शब्द टाकले. डच भाषेत ‘डोन्कर’ म्हणजे काळोख, अंधारलेलं. आणि ‘आडव्होकाट’ हे वकिलाइतकंच अंडी, साखर आणि ब्रँडीच्या घट्ट पिवळ्या पेयाचंही नाव. पुढचा तासभर मी संध्याकाळी लवकर अंधारून येण्याच्या बातम्या आणि दारूच्या जाहिराती वाचत बसले. यावर उपाय सोपा आहे. आद्याक्षरांसकट पूर्ण नाव अवतरणचिन्हांत टाका, तारखांची चौकट घट्ट करा, आणि १९४७च्या आधीचं काही शोधत असाल तर जुनं शुद्धलेखन वापरा. ‘रॉटरडॅमचा’ या अर्थाच्या विशेषणात तेव्हा शेवटी ‘सीएच’ ही जादा अक्षरं असत. ती घातली नाहीत तर त्यांच्या वकिलीची वर्षं हाती लागणं कठीण.

तारखांची चौकट आखताना मंत्रिमंडळांच्या क्रमांकावर विसंबू नका. विलेम ड्रेस १९४८ ते १९५८ सलग पंतप्रधान होते आणि त्यांची मंत्रिमंडळं चार. पण पहिलं ड्रेस आणि व्हान स्खाइक यांच्या जोडनावाने ओळखलं जातं, म्हणून ‘दुसरं ड्रेस मंत्रिमंडळ’ हे खरं तर तिसरं. डोन्कर त्यात होते. वर्ष लिहा, क्रमांक नको.

आणखी एक गोष्ट आपल्याला उलटी वाटते. तिथे मंत्री झालेल्या माणसाला संसदेची जागा सोडावी लागते. १९३८च्या घटनादुरुस्तीपासून दोन्ही एकदम धरता येत नाहीत. डोन्कर १९५१–५२मध्ये कनिष्ठ सभागृहात पक्षाचे गटनेते होते. सप्टेंबर १९५२नंतर सदस्यांच्या यादीत त्यांचं नाव दिसेना, तेव्हा मला वाटलं यादीच चुकली. चुकले होते मीच.

आता खरा ऐवज. वकील म्हणून माणूस कसा होता हे चरित्रकोशातल्या चार ओळींतून कळत नाही. डोन्करांच्या बाबतीत आपलं नशीब चांगलं. १९४०–४५ या काळात लंडनमध्ये परागंदा असलेल्या डच सरकारचा कारभार तपासायला संसदेने १९४७मध्ये एक चौकशी समिती नेमली. अध्यक्ष डोन्कर. तिच्या अहवालाचे खंड १९४९ पासून छापले गेले, आणि त्यात साक्षी प्रश्नोत्तरांसकट आहेत. थेट त्याच खंडांकडे जा. निष्कर्ष नंतर वाचा. लंडनमधल्या त्याच सरकारचे माजी पंतप्रधान खेर्ब्रांडी स्वतः कायद्याचे प्राध्यापक राहिलेले. त्यांच्यासारख्या साक्षीदाराला प्रश्न कोण विचारतो, कोणत्या प्रश्नामागे कोणता येतो, हे पेन्सिलीने समासात टिपत वाचायचं. वकिलाचं चरित्र त्याच्या प्रश्नांत असतं, भाषणांत नाही, असं माझं ठाम मत आहे.

मंत्री झाल्यावर मात्र हाच माणूस वेगळा वाचावा लागतो. इथेच मी सर्वात जास्त दिवस घालवले. विली लागेस हा जर्मन, युद्धकाळात अ‍ॅमस्टरडॅममधल्या नाझी एसएस संघटनेच्या सुरक्षा पोलिसांचा प्रमुख. १९४९मध्ये त्याला मृत्युदंड झाला. राणी युलियाना सही करायला तयार नव्हत्या. डोन्कर पदावर आले तेव्हा हे प्रकरण टेबलावरच होतं, आणि १९५२मध्येच शिक्षा जन्मठेपेवर आली. अ‍ॅमस्टरडॅममध्ये लोक रस्त्यावर उतरले. संसदेचे छापील वृत्तान्त, ज्यांना ‘हांडेलिंगन’ म्हणतात, तेही संगणकावर वाचता येतात. तिथे तुम्हाला मंत्री उभा राहून निर्णय आपलाच असल्यासारखा बोलताना दिसेल. राणीचं मत शोधू नका, ते तिथे नसणारच. डच राज्यघटनेनुसार राजा किंवा राणी अनुल्लंघनीय, जबाबदार मंत्री. दयेच्या हुकुमावर राणीची सही, खाली मंत्र्याची प्रतिसही. आणि सभागृहात जाब द्यायचा तो प्रतिसहीवाल्याने. आयुष्यभर अशिलाचं नाव घेऊन युक्तिवाद केलेल्या माणसाला इथे अशिलाचं नाव न घेता बोलायचं होतं. हे एकदा लक्षात आलं की त्याचं प्रत्येक वाक्य दोनदा वाचावंसं वाटतं.

त्या भाषणाच्या जोडीला मंत्रिमंडळाच्या बैठकींची टिपणं ठेवा. ती हेगच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहेत, मध्यवर्ती रेल्वे स्टेशनला लागूनच. बैठकीची तारीख आधी नक्की करून जा, कागद आधी मागवा. वाचनालयात शाईचं पेन चालत नाही, पिशवी कपाटात ठेवावी लागते. बाकी काही अवघड नाही.

तिसरं साधन म्हणजे एकाच दिवसाची चार वर्तमानपत्रं. तेव्हाचा डच समाज पंथ आणि पक्ष यांच्या उभ्या खांबांत वाटलेला होता, वर्तमानपत्रंही तशीच: ‘हेट फ्राय फोल्क’ समाजवाद्यांचं, ‘फोल्क्सक्रांट’ कॅथलिकांचं, ‘ट्राउ’ प्रॉटेस्टंटांचं, ‘वारहाइट’ कम्युनिस्टांचं. सरावाला ब्रेडाचं प्रकरण घ्या. २६ डिसेंबर १९५२ला ब्रेडाच्या तुरुंगातून युद्धगुन्ह्यांसाठी शिक्षा भोगणारे सात कैदी पळाले आणि जर्मनीत गेले. डोन्करांना पदावर येऊन चार महिनेही झाले नव्हते. २६ म्हणजे नाताळचा दुसरा दिवस, सुट्टीचा. म्हणून बातमी २७च्या अंकांत शोधा. त्यांच्याच पक्षाच्या बाजूचं पत्र कुठला मथळा देतं आणि कम्युनिस्ट पत्र कुठला, हे शेजारी शेजारी ठेवून बघा. मी घरी भिंतीवरच चिकटवले होते.

कायद्यांबाबत एकच सूचना: कायद्याला चिकटलेल्या नावावर श्रेय वाटू नका. विवाहित स्त्रीला नवऱ्याच्या परवानगीविना करार करता येत नसे. ती अपात्रता काढणारा कायदा जून १९५६मध्ये झाला, १ जानेवारी १९५७ला लागू झाला, आणि ‘लेक्स व्हान ओव्हन’ म्हणून ओळखला जातो. व्हान ओव्हन हे डोन्करांनंतरचे मंत्री, त्या फेब्रुवारीतच आलेले. असा कायदा चार महिन्यांत शिजत नाही. विधेयकाची कागदपत्रं मागे मागे उलगडत जा, आधी कोणाची सही येते ते दिसेल.

मृत्युलेख सगळ्यात शेवटी वाचा; आधी वाचलेत तर त्यांचाच सूर तुमच्या लेखणीत उतरतो. ४ फेब्रुवारी १९५६ हा शनिवार होता आणि रविवारी तिथे वर्तमानपत्रं निघत नसत, म्हणून सोमवार ६चे अंक काढा. व्हान ओव्हन यांची नेमणूक १५ तारखेची. ती शोधताना मात्र धीर धरा. आदल्याच दिवशी फ्रीसलँडमध्ये अकरा शहरांची बर्फावरची स्केटिंग शर्यत झाली होती, पाच जणांनी हातात हात घालून शेवटची रेघ ओलांडली आणि कोणालाच विजेता ठरवलं गेलं नाही. मीही तेच वाचत बसले होते, नव्या न्यायमंत्र्याची बातमी बाजूलाच ठेवून.