साके चाखायला जाण्यापूर्वी

क्योतोच्या फुशिमी भागात किंवा कोबेजवळच्या नादा परिसरात मार्गदर्शकासोबत साके, म्हणजे तांदळापासून बनणारे जपानी मद्य, चाखण्याचा बेत असेल, तर त्या दिवशी सकाळी नात्तो, म्हणजे आंबवलेले सोयाबीन, खाऊ नये. त्यातील जिवाणू कोजीच्या, म्हणजे साकेसाठी तांदळावर वाढवल्या जाणाऱ्या, बुरशीला बाधक ठरतात, म्हणून अनेक साकेनिर्माते तशी विनंतीच करतात. अत्तरही टाळावे. पांढऱ्या पेल्याच्या तळाशी निळी वर्तुळे दिसतील, ती नक्षी नव्हे: पांढऱ्यावर रंग आणि निळ्याच्या कडेवर नितळपणा पारखला जातो. साकेत मद्यार्क साधारण 15 ते 16 टक्के असल्यामुळे प्रत्येक घोटाबरोबर पाणी प्यावे. गिंजो, म्हणजे अधिक घासलेल्या तांदळाची साके, आधी गार चाखावी, कारण ऊन केल्यावर तिचा फळांसारखा नाजूक गंध बहुधा उडून जातो. वयोमर्यादा 20 वर्षे आहे.