आकाशकंदिलाच्या कामट्यांतून झेपेलिन

विज्ञान प्रदर्शनासाठी झेपेलिन, म्हणजे जर्मनीचं गॅसवर तरंगणारं लांबट हवाई जहाज (एअरशिप), करायचं म्हटलं की बरेच जण लांबट फुग्यावर कागद चिकटवून मोकळे होतात. ते चूक. झेपेलिनला आत कडक सांगाडा असतो आणि त्यात गॅसच्या वेगवेगळ्या पिशव्या. आकाशकंदील बांधता येणाऱ्याला तो सांगाडा जमतो.

31 मे 1915 च्या रात्री लंडनवर पहिल्यांदा बॉम्ब टाकणारं एलझेड 38 हे झेपेलिन नमुन्याला घ्या. लांबी 163.5 मीटर, व्यास 18.7. शंभराला एक प्रमाण धरलं की मीटरचे सरळ सेंटिमीटर होतात.

बुरुडाकडून 3 मिलिमीटर जाडीच्या, वाळलेल्याच कामट्या आणा. ओल्या मागाहून पिळतात. एकूण 11 कड्या. मधल्या 5 कड्या 18.7 सेंटिमीटर व्यासाच्या. एकीला 63 सेंटिमीटर कामटी लागते, त्यातली 4 सेंटिमीटर एकावर एक घेऊन दोऱ्यानं आवळा. नाकाकडे 17, 13, 8. शेपटीकडे 16, 12, 7. साडेतेरा सेंटिमीटरवर एकेक कडी ठेवून 8 लांब कामट्या बांधा. त्यांचे जोड एका रेषेत आले तर तिथंच मोडतं. एका अंगाला कडक आणि दुसऱ्या अंगाला लवचीक कामट्या गेल्या की जहाजाचं केळं होतं. आधी प्रत्येक वाकवून बघा, सारख्या समोरासमोर लावा.

पतंगी कागदाच्या उभ्या पट्ट्या पातळ फेविकॉलनं चिकटवा. सुकल्यावर पाण्याचा हलका फवारा मारला की कागद ताणून बसतो. कोल्हापूरच्या पावसाळी हवेत तो पुन्हा सैल पडतो, म्हणून वर वार्निशचा एक हात. टांगायचा दोरा कडीलाच बांधा.

"उडतंय काय?" हे कोणीतरी विचारणारच. पोट 32 लिटरचं. हेलियम भरला तरी आपल्या कोल्हापूरच्या साडेपाचशे मीटर उंचीवर जेमतेम 30 ग्रॅम उचलेल. नुसत्या कामट्याच त्याच्या कितीतरी पट जड. खरं जहाज लांबीला शंभरपट, पण पोटाला दहा लाख पट: 31,900 घनमीटर. एवढं अवाढव्य का, ते इथं कळतं. हायड्रोजनच्या वाटेला जाऊ नका. सप्टेंबर 1916 मध्ये आग लावणाऱ्या गोळ्यांनी एसएल 11 हे एअरशिप लंडनजवळ पेटून पडलं, ते त्याच गॅसमुळं.

तक्त्यावर 'पहिला हवाई बॉम्बहल्ला' असं मात्र लिहू नका. 1849 मध्ये ऑस्ट्रियानं व्हेनिसवर बॉम्ब बांधलेले बिनमाणसांचे फुगे सोडले होते. 1 नोव्हेंबर 1911 ला लिबियात इटलीच्या गावोत्तीनं विमानातून बॉम्ब टाकले, पुढच्या वर्षी तिथंच इटलीची एअरशिप आली. जर्मनीचं झेड सहा हे झेपेलिन 6 ऑगस्ट 1914 ला बेल्जियममधल्या लिएजवर गेलं ते धड बॉम्ब नसल्यानं तोफेचे गोळे घेऊन. गोळ्या लागून गॅस गळाला आणि परतताना ते बॉनजवळ कोसळलं.