पाहिलं म्हणतो, पण दिसलं कसं? खुनाच्या अपिलात प्रत्यक्षदर्शी साक्ष तोलताना

नागपूर खंडपीठापुढच्या अपिलाचं पेपर बुक (खालच्या कोर्टातल्या रेकॉर्डचा संच) हाती आलं की निकालपत्र शेवटी वाचा. ते आधी वाचलं तर सत्र न्यायाधीशांना जे पटलं तेच डोक्यात बसतं. सुरुवात घटनास्थळाच्या पंचनाम्यापासून करा आणि कोऱ्या कागदावर स्वतः नकाशा काढा: प्रेत कुठे, साक्षीदार कुठे, मधे काय.

शेतातल्या घटनेत मधे काय आहे, यावरच पुष्कळ ठरतं. मार्गशीर्षात तूर माणसाच्या उंचीला गेलेली असते. साक्षीदार धुऱ्यावर (शेताच्या बांधावर) उभा होता आणि प्रेत तुरीच्या तासात आत पडलेलं होतं, तर कुऱ्हाडीचा पहिला घाव कुणी घातला हे त्याला कसं दिसलं? चैत्रात रान मोकळं असताना हीच साक्ष सरळ टिकते. पंचनाम्यात पिकाची नोंद नसेल तर सातबाऱ्यावरचा पीकपेरा रेकॉर्डवर आलाय का पाहा. रेकॉर्डवर नसलेली गोष्ट अपिलात नुसती तोंडी सांगून चालत नाही. जादा पुरावा घेण्याचा अधिकार न्यायालयाला आहे, पण तो क्वचितच वापरला जातो.

घटना रात्रीची असेल तर पंचांग उघडा. वद्य अष्टमीचा चंद्र मध्यरात्रीच्या आसपास उगवतो. त्या तिथीला रात्री नऊला ‘चांदणं होतं’ म्हणणारा साक्षीदार चुकतोय, एवढं नक्की. खांबावरचा दिवा सांगत असेल तर तो खांब नकाशात आहे का, त्या वेळी भारनियमन होतं का, बॅटरी जप्त झाली का, तेही पाहा. मात्र हा मुद्दा ताणू नका. वीस वर्षं शेजारी राहिलेला माणूस चार पावलांवरून आवाजावरून, चालीवरून अंधारातही ओळखू येतो आणि न्यायालयं ते मान्य करतात.

पुढे वेळा जुळवा. एफआयआरच्या तिसऱ्या रकान्यात घटनेची आणि खबर मिळाल्याची वेळ असते, पाचव्यात ठाण्यापासूनचं अंतर, तर शेवटी कोर्टाकडे रवाना केल्याची तारीख-वेळ. ठाणं पाच किलोमीटरवर असूनही खबर आठ तासांनी पोचली असेल तर मधल्या वेळेत कोण कुणाच्या ओट्यावर बसलं होतं, हा प्रश्न उभा राहतो. इन्क्वेस्टवर (प्रेताच्या पंचनाम्यावर) गुन्हा क्रमांक नसेल तर एफआयआर नंतर लिहिला का, हाही मुद्दा आहे. पण इन्क्वेस्टमध्ये आरोपीचं नाव नाही एवढ्यावर विसंबू नका. तो पंचनामा मरणाचं कारण शोधण्यापुरता असतो.

अपिलं सगळ्यात जास्त घसरतात ती इथे: वगळणुकीत (कोर्टात सांगितलेली गोष्ट पोलिसांपुढच्या जबाबात नसणं). ‘पोलिसांपुढच्या जबाबात हे नव्हतं’ असं म्हणायचं तर दोन पायऱ्या लागतात. उलटतपासणीत साक्षीदाराला ते विचारलेलं हवं आणि नंतर तपासी अंमलदाराकडून ‘साक्षीदाराने मला तसं सांगितलं नव्हतं’ हे वदवून घेतलेलं हवं. दुसरी पायरी राहिली तर वगळणूक सिद्धच होत नाही. खालच्या कोर्टातला वकील अंमलदाराला विचारायला विसरला, हे रेकॉर्डमध्ये वारंवार सापडतं. प्रत्येक वगळणुकीपुढे दोन्ही पानांचे क्रमांक लिहा. एक पान रिकामं राहिलं तर तो मुद्दा काढून टाका. उरलेल्यांतही गाभ्याला लागणाऱ्या निवडा. हत्यार कुणाच्या हातात होतं हे जबाबात नसणं गंभीर. सदऱ्याचा रंग नसणं किरकोळ.

शवविच्छेदन अहवालाशी साक्ष ताडताना जखमेची जात पाहा. साक्षीदार धारेचे तीन वार सांगतो आणि डॉक्टरला फक्त फाटलेल्या, चेंदलेल्या जखमा मिळाल्या, तर कुऱ्हाडीची उलटी बाजू लागली असावी का, हे डॉक्टरला विचारलंय का बघा. तोंडी साक्ष वैद्यकीय पुराव्यावर मात करते. वैद्यकीय पुराव्याने ती अशक्यच ठरत असेल तेव्हाच ती मागे पडते.

मयताचा भाऊ आहे म्हणून साक्ष खोटी, हा युक्तिवाद सोडून द्या. खरा मारेकरी सोडून जवळचा नातेवाईक सहसा दुसऱ्याला अडकवत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 1953 च्या दलीप सिंग प्रकरणातच म्हटलंय. धुऱ्याचा जुना वाद दुधारी असतो: खून करायला कारण मिळतं तसं गोवायलाही. साक्षीदार ओरडला नाही, पळाला, यावरही फार भर देऊ नका. भेदरलेला माणूस कसाही वागतो. जखमी साक्षीदाराचं वजन जास्त, पण दवाखान्याच्या कागदावर मार कुणी दिला म्हणून काय लिहिलंय ते आधी वाचा.

ओळख परेडचा प्रश्न परक्या आरोपीपुरता. एका आरोपीमागे निदान सहा डमी (रांगेत उभे केलेले त्याच्यासारखे इतर लोक) होते का, परेडच्या मेमोरँडममध्ये त्यांचं वय-बांधा लिहिलाय का, परेडआधी आरोपीला ठाण्यात किंवा मोबाईलवरच्या फोटोत दाखवलं होतं का, हे तपासा.

आता प्रत्येक साक्षीदाराला 1957 च्या वडिवेलू थेवर निकालातल्या तीनपैकी एका खान्यात घाला: पूर्ण विश्वसनीय, पूर्ण अविश्वसनीय, मधला. पहिल्या खान्यातला एकटाही पुरतो, कायद्याला साक्षीदारांची संख्या लागत नाही. मधल्याला दुसऱ्या पुराव्याचा टेकू हवा आणि तो महत्त्वाच्या बाबींवर हवा. साक्षीतला काही भाग खोटा निघाला म्हणून सगळी साक्ष आपल्याकडे बाद होत नाही. दाणा आणि भुसा वेगळा करावा लागतो.

लाठ्या-उभाऱ्यांच्या गावभांडणात आठ-दहा आरोपी असतील तर एक तक्ता करा, त्यात प्रत्येकाला स्वतंत्र रकाना द्या आणि कोणत्या साक्षीदाराने त्याचं नाव घेतलं, हातात काय होतं, काय केलं ते भरा. एखाद्याच्या रकान्यात नुसतं ‘बाकीचेही होते’ एवढंच उरलं, तर त्याच्यासाठी युक्तिवाद वेगळा करा आणि आधी करा.